अकापुल्को : एका रात्रीचा हिशेब

मेक्सिकोच्या पॅसिफिक किनाऱ्यावर, डोंगरांच्या कुशीत शिरलेल्या खोल उपसागराच्या काठी अकापुल्को वसले आहे. १५६५ ते १८१५ अशी अडीचशे वर्षे मनिलाहून येणारी स्पॅनिश गलबते याच बंदराला लागत. चिनी रेशीम, पोर्सेलीनची भांडी, मसाले आणि हिंदुस्थानचे सुती कापडही त्यांतून उतरे. परतताना चांदी भरली जाई. गलबत आले की दूरदूरचे व्यापारी जमत आणि मोठी जत्रा भरे. बंदराच्या रक्षणासाठी बांधलेला सान दिएगोचा किल्ला आजही उभा आहे. पुढे व्यापाराची जागा पर्यटनाने घेतली आणि पावणेआठ लाख वस्तीचे हे शहर प्रामुख्याने पाहुण्यांवर जगू लागले.

२४ ऑक्टोबर २०२३ च्या सकाळी ‘ओटिस’ हे समुद्रातील एक सामान्य वादळ होते. ते किनाऱ्यावर फारशा जोराने आदळेल, असा आदल्या दिवशीचा अंदाज नव्हता. परंतु उबदार पाण्यावर त्याने असे बळ घेतले की चोवीस तासांत वाऱ्याचा वेग ताशी सुमारे १८५ किलोमीटरने वाढला. दुपारी पाहणीचे विमान वादळात शिरले, तेव्हा त्याचे खरे स्वरूप कळले. सावध होण्यास काही तासच उरले. मध्यरात्र उलटताच ताशी सुमारे २६० किलोमीटर वेगाचे वारे शहरावर कोसळले.

सकाळी बहुसंख्य हॉटेलांच्या भिंती व काचा उडालेल्या होत्या. वीज, पाणी, दूरध्वनी बंद होते. त्यानंतर दुकानेही लुटली गेली. पन्नासच्या आसपास माणसे मृत्युमुखी पडली, तीसहून अधिक बेपत्ता झाली. त्यांत अनेक जण तांडेल व खलाशी होते. धनिकांच्या नौका वाऱ्यात एकमेकींवर आपटू नयेत, म्हणून ते रात्री त्या नौकांवरच थांबले होते. पुढे त्यांचे नातेवाईक किनाऱ्यावर शोध चालू ठेवण्याची विनवणी करीत राहिले.

शहर पुन्हा उभे राहू लागले, तोच सप्टेंबर २०२४ मध्ये ‘जॉन’ वादळाच्या पावसाने ते पुन्हा पाण्याखाली गेले.

बुडालेल्या नौकेची किंमत विम्यातून, नाहीतर पुढच्या हंगामातून भरून निघते. तिच्या राखणीसाठी थांबलेल्या खलाशाची रक्कम मात्र कोणत्याच वहीत जमा होत नाही. वादळाची वर्दी येताच मालाआधी माणसाला किनाऱ्यावर आणणे, हाच धन्याचा पहिला धर्म होय.