माझ्या धुऱ्यापलीकडचं

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत एका संध्याकाळी माझी सातवीतली मुलगी माझा फोन घेऊन अंगणात आली. तिला एक खेळ पुढं खेळायचा होता. "पप्पा, तुमच्या फेसबुकनं लॉगिन करू का? नाई त लेव्हल सेव्ह होत नाई." असं तिनं याआधीही विचारलं होतं, आणि मी मान वर न करता 'कर' म्हटलं होतं. या वेळी तिनं पडद्यावरचा मजकूर शाळेत धडा वाचतात तसा मोठ्यानं वाचला. नाव, प्रोफाइल फोटो, ईमेल, मित्रयादी. आणि विचारलं, "खेळनार मी. मंग तुमचे मित्र कायले पायजेत याले?"

मला उत्तर देता आलं नाही. मी फोन हातात घेतला, 'आज राहू दे' म्हणालो आणि ती आत गेल्यावर तिथंच बसून राहिलो.

मी हिवरखेडचा. तेल्हारा तालुक्यातलं, सातपुड्याच्या पायथ्याजवळचं हे गाव. इथंच शिकलो, इथंच शिकवतो. फेसबुकला जोडलेल्या खेळांबद्दल, चाचण्यांबद्दल माझं मत गेली कित्येक वर्षं पक्कं होतं आणि ते मी वर्गात, चहाच्या टपरीवर, घरीदारी सगळीकडे मांडत आलो. मत असं की, आपल्यासारख्या माणसाजवळ लपवण्यासारखं आहे काय? नाव गावाला माहीत, जन्मतारीख शाळेच्या दाखल्यावर, फोटो लग्नाच्या अल्बमात. हिवरखेडच्या मास्तरची माहिती नेऊन विलायतेतला माणूस काय करणार? घाबरतात ते, ज्यांच्या मनात काळंबेरं असतं. हे मत चुकीचं होतं. आणि ते चुकीचं आहे हे समजायला मला जवळजवळ अकरा वर्षं उशीर झाला, म्हणून हे लिहितो आहे.

सुरुवात २०१० सालची. मी बी.एड.साठी अकोल्यात होतो. तेव्हा मीटरगेजची गाडी चालू होती. शनिवारी तिनं घरी यायचं, सोमवारी परत. खोलीवरच्या मित्रांनी मला नेट कॅफेत नेलं आणि फार्मविल दाखवलं. जून २००९ मध्ये सुरू झालेला तो खेळ तेव्हा जगभर पसरला होता. पडद्यावर वावर, त्यात नांगरायचं, पेरायचं, ठरलेल्या वेळात पीक काढायचं. स्ट्रॉबेरी चार तासांत यायची आणि वेळेवर काढली नाही तर वाळून जायची. कास्तकाराच्या पोराला त्याची किती ओढ लागली असेल, ते सांगायला नको. घरी बाबा पऱ्हाटीला पाऊस कधी येतो म्हणून आभाळाकडे बघत असायचे आणि इथं माझं पीक एकदाही पावसावाचून गेलं नाही. मला त्यात खरंच आनंद व्हायचा.

त्या खेळाची एक रीत मात्र आज वेगळी दिसते. वावर वाढवायचं तर शेजारी लागत. शेजारी म्हणजे आपले फेसबुकवरचे मित्र. त्यांना बोलावणं धाडायचं, भेटवस्तू पाठवायच्या, त्यांनी होकार दिला की आपलं वावर मोठं. नाही तर पैसे मोजा. मी अकोल्यातल्या वर्गमित्रांना, पुण्याला गेलेल्या मावसभावाला, ओळखदेख नसलेल्यांनाही बोलावणी धाडली. खेळ माझा होता, पण पुढं सरकत होता तो दुसऱ्यांच्या नावांवर. हे तेव्हा नुसतं डोळ्यांना दिसलं, मनात उतरलं नाही. त्यानंतर दुसरे खेळ आले, मग 'तुम्ही मागच्या जन्मी कोण होता' छापाच्या चाचण्या आल्या. प्रत्येकाच्या दारात परवानगीची तीच निळी चौकट. मी न वाचता ओके दाबत गेलो.

२०१४ च्या हिवाळ्यातली ती गोष्ट. कापूस वेचणीचे दिवस, वर्गात अर्धी पोरं गैरहजर. रात्री जेवणानंतर मी एक चाचणी घेतली: तुमच्या हृदयाच्या सर्वांत जवळचं माणूस कोण? ओके दाबलं, वर्तुळ फिरत राहिलं, रेंज गेली, मी झोपलो. सकाळी शाळेत जाताना एका माजी विद्यार्थ्यानं अंगठा दाखवून 'सर, भारी' म्हटलं. मला कळेना. फोन उघडला तर माझ्या भिंतीवर एक मोठं लाल हृदय होतं. त्यात एका बाजूला माझा फोटो, दुसऱ्या बाजूला आमच्या शाळेतल्या एका मॅडमचा. खाली माझ्या नावानं इंग्रजीत एक ओळ. रात्रभरात पन्नासच्या वर लोकांनी ते पाहून पसंतीची खूण केली होती आणि काहींनी खाली जे लिहिलं, ते इथं लिहिण्यासारखं नाही.

मी ते लगेच काढलं. पण गावात गोष्ट काढून टाकता येत नाही. मॅडम विवाहित, एकत्र कुटुंबातल्या, सासरे जुन्या वळणाचे. दुपारच्या सुट्टीत मी त्यांना म्हणालो, "मॅडम, खेळ आहे तो. कॉम्प्युटर कोणाचाही फोटो उचलतो. मनावर घेऊ नका." मला वाटलं होतं, मी समजूत काढतो आहे. त्या माझ्याकडे पाहत म्हणाल्या, "सर, तुम्हाले हसता येते."

एवढंच. आठवडाभरात त्यांनी आपलं खातं बंद केलं. पुढच्या वर्षी त्या अकोटकडच्या शाळेत गेल्या. का गेल्या, ते मी विचारलं नाही. मी घरी सांगितलं, मित्रांना सांगितलं की बाई उगाच मनाला लावून घेतात. हे मी बोललो आहे. आज हे वाक्य कागदावर उतरवताना हात जड होतो.

२०१८ च्या मार्च-एप्रिलमध्ये केंब्रिज ॲनालिटिकाचं प्रकरण गाजलं. एका प्राध्यापकानं फेसबुकवर एक व्यक्तिमत्त्व चाचणी चालवली होती, आणि तिच्यातून गोळा झालेली माहिती निवडणुकांचा धंदा करणाऱ्या त्या कंपनीकडे गेली. शिक्षकांच्या खोलीत एका तरुण सहकाऱ्यानं पेपरातले आकडे वाचून दाखवले. फेसबुकनं स्वतः दिलेले आकडे होते ते. भारतात ते ॲप घेणारे होते ३३५. ज्यांची माहिती बाहेर गेली असण्याची शक्यता, असे भारतीय ५,६२,४५५. मी तेव्हाही तेच म्हणालो: त्या ५ लाखांत आपण नव्हतो ना, मग विषय संपला.

दिवाळीतल्या त्या संध्याकाळी मी फोनवर सेटिंग्जमध्ये गेलो आणि 'ॲप्स आणि वेबसाइट्स' हे पान आयुष्यात पहिल्यांदा उघडलं. एकूण ४३ नावं निघाली. चालू पाच, आणि ३८ जणांपुढं 'मुदत संपली'. तीन महिने आपण एखादं ॲप वापरलं नाही की फेसबुक त्याची नवी माहिती घेण्याची परवानगी थांबवतं, म्हणून ती मुदत. पहिल्यांदा जिवाला बरं वाटलं, की हे आपोआपच गेलं. मग एकेक नाव उघडून खालची बारीक अक्षरं वाचली. मुदत संपली म्हणजे दार बंद झालं. आधी जे नेलं, ते त्यांच्याचकडे आहे. काही नावांपुढं चित्रसुद्धा उरलं नव्हतं, नुसता राखाडी चौकोन. ते खेळ कोण चालवत होतं, कंपनी आहे की विकली गेली, मला काहीच माहीत नाही. आणि त्यांना मात्र मी कोण, हे कधीकाळी माहीत होतं.

यादीत बरंच खाली ती चाचणी होती. जोडल्याचा महिना दिसत होता: डिसेंबर २०१४. माझी बोटं थांबली.

अकरा वर्षं मी म्हणत आलो की कॉम्प्युटरनं फोटो उचलला. पण कॉम्प्युटरला मित्रांच्या यादीपर्यंत कोणी नेलं? माझ्या नावानं भिंतीवर लिहायची मुभा कोणी दिली? मॅडमनी ती चाचणी घेतली नव्हती. त्यांनी काहीच दाबलं नव्हतं. त्यांचा दोष असलाच तर इतका, की एका सहकाऱ्याची मैत्रीची विनंती त्यांनी स्वीकारली होती. मग ते ३३५ आठवले. त्यांच्यामागे ५,६२,१२० जण असे, ज्यांनी ते ॲप घेतलंच नव्हतं. म्हणजे ओके दाबणाऱ्या एकेका माणसामागे सरासरी १,६७८ माणसं. मी सात वर्षं स्वतःला त्या ५ लाखांत शोधत होतो आणि तिथं नाही म्हणून निश्चिंत होतो. माझी जागा त्या ३३५ च्या रांगेत होती, हे मला कधी सुचलंच नाही. चाचणी वेगळी, पण काम तेच.

त्या काळी ही सोय उघडच होती. एकानं परवानगी दिली की ॲपला त्याच्या मित्रांचीही बरीच माहिती मिळायची. फेसबुकनं हे दार २०१४ मध्ये आवळायला घेतलं आणि जुन्या ॲपसाठी ते बंद झालं ३० एप्रिल २०१५ ला. मी माझे बहुतेक ओके त्याच्या आधी दाबून बसलो होतो.

दुसऱ्या दिवशी वावरात गेलो. मोठा भाऊ रागात होता. त्यानं एका ओळखीच्याला सोयाबीन काढून न्यायला आमच्या वावरातून ट्रॅक्टरला वाट दिली होती. ट्रॅक्टर आमच्यातून गेला तो गेला, पण धुरा ओलांडून शेजारच्या काकांच्या तुरीतूनही गेला. सहा-सात तासं आडवी झाली होती, ओल्या मातीत चाकांच्या नक्ष्या उमटल्या होत्या. काका भांडायला आले नव्हते. नुसते मोडलेली तूर उचलून धुऱ्यावर ठेवत होते. ट्रॅक्टरवाल्यानं सांगितलं होतं, तुमच्या भावानंच जा म्हटलं. भाऊ काकांना म्हणत होता, "काका, मी माह्या वावरातून जाय म्हनलं. तुमच्या वावराचं मी कसा सांगीन? पन वाट त मीच देल्ली न. भरून देतो मी."

मी धुऱ्यावर उभा होतो. जे मला अकरा वर्षांत समजलं नाही, ते माझा दहावी शिकलेला भाऊ एका दमात बोलून गेला होता: जा म्हणण्याचा त्याचा हक्क धुऱ्यापाशी संपत होता, आणि तुरीचं देणं तरी त्याच्याच माथी होतं. धुरा कुठं आहे, हे आम्हाला लहानपणापासून पायांनी माहीत असतं. फोनमध्ये मला तो दिसला नाही. तिथं चौकट एकच होती, पण तिच्यात माझ्या नावापुढं दुसऱ्यांची नावं होती.

त्याच रात्री बसून एकेक नाव काढलं. काढताना फेसबुक विचारतं, या ॲपनं तुमच्या नावानं टाकलेल्या पोस्टही काढायच्या का. त्या खुणेवर आपल्याला स्वतः बोट ठेवावं लागतं. आधीची माहिती पुसायची तर त्या त्या कंपनीला वेगळं लिहावं लागतं, आणि त्यासाठी तिनं आपल्याला दिलेला क्रमांक लागतो. तो नाव काढण्याआधीच टिपून ठेवावा. मी पहिल्या सहा-सात वेळा चुकलो. ज्यांचे पत्ते मिळाले अशा १९ जणांना मी लिहिलं. माझं पुसा, आणि माझ्यामार्फत ज्यांचं घेतलंत त्यांचंही पुसा. चार उत्तरं आली. नऊ पत्रं पत्ता नाही म्हणून परत आली.

आता आपल्याकडे २०२३ चा डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा आहे, त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये निघाले. संमती देणं जितकं सोपं, तितकंच ती मागं घेणंही सोपं हवं, असं तो म्हणतो. १८ वर्षांखालच्या मुलांसाठी आई-बापाची पडताळता येईल अशी संमती लागेल, असंही म्हणतो. हे चांगलं आहे, आणि मला हवं आहे. पण माझी मुलगी त्या संध्याकाळी बापाच्याच खात्यातून आत जाणार होती. संमती देणारा बाप तिच्या पुढ्यातच होता आणि तो कधी वाचत नव्हता.

ती आता पाहुणी म्हणून खेळते. जुन्या लेव्हल गेल्या. दोन दिवस तिनं तोंड फुगवलं, मग पहिलीपासून सुरू केलं.

राहिल्या मॅडम. त्यांचा नंबर मिळवायला मला दोन आठवडे लागले. नंबर मिळत नव्हता असं नाही, मागायचं धाडस होत नव्हतं. शेवटी एका रविवारी सकाळी फोन केला. मी कोण ते सांगितलं, आणि काही फिरवाफिरव न करता म्हणालो की २०१४ ची ती चूक कॉम्प्युटरची नव्हती, माझी होती. तुमचं नाव आणि फोटो द्यायचा मला अधिकार नव्हता आणि मी तो दिला. आणि नंतर तुम्हालाच मनावर घेऊ नका म्हणालो. मला माफ करा.

पलीकडे बराच वेळ काही आवाज नव्हता. कुकरची शिट्टी झाली. मग त्या म्हणाल्या, "सर, तुम्ही त्या फोटोकडे नीट पाह्यलं होतं का?"

मी म्हणालो, नाही.

"माह्या भाच्याच्या बारशातला होता तो. तो मांडीवर होता माह्या, मी त्याच्याकडे पाहून हासत होती. हृदयात बसवाले त्यायनं त्याले कापून टाकलं होतं."