सव्वा मूठ गहू

आमच्या घरात माणसं मुठींनी मोजतात. नागपंचमीनंतरच्या रविवारी आमची खानदेशातली देवी, कानबाई बसते. तिच्या प्रसादाच्या रोटांसाठी गहू काढताना घरातल्या एकेका पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ टाकायची. जळगावजवळच्या पिंप्राळ्याच्या जुन्या घरात माय पाटावर बसून नावं घ्यायची, आणि नाव कानी पडलं की शेंबडं पोरगंसुद्धा उगाच ताठ व्हायचं. माझं नाव त्यात नसे. तेव्हा ते खटकलंही नाही. निवडायला सूप मात्र माझ्याच पुढ्यात यायचं.

दादा सुरतेला गेला, पॉवरलूमवर. खानदेशाला सुरत परकी नाही. 1900 साली ताप्ती व्हॅली रेल्वे सुरू झाली तेव्हापासूनची ही वाट. दादा गेला त्या वर्षी गहू काढताना त्याच्या नावाशी काका अडले. माय म्हणाली, "तो तठे शे, पन त्यानी मूठ आठेच पडी." पुढे सुरतेतच लिंबायतला त्याने स्वतःची खोली घेतली, तरी कानबाईला तो उभ्याने प्रवास करून का होईना, येतोच. आषाढी एकादशीला पिंप्राळ्यात विठ्ठलाचा रथ निघतो, तो चुकला तर चालतं; रोट चुकून चालत नाही. आता त्याचा मुलगा कॅनडात आहे. त्याचीही मूठ पडते.

दादा गेला त्याच सुमारास मीही घर सोडलं, लग्न होऊन धुळ्याला. सुरतेच्या निम्म्यानेही लांब नाही. पण आमच्याकडे रोट भाऊबंदकीबाहेर देत नाहीत, आणि लेक दिल्या घरची. सासरी मूठ नवऱ्याच्या नावाची. एकाच उंबऱ्यातून दोघं निघालो. त्याचं नाव घरात राहिलं, मी पाहुणी झाले. नवल म्हणजे हे सगळं एका देवीच्या नावानं चालतं! नारळाला नथ-डोळे लावून तिला सजवायचं, रात्र अहिराणी गाण्यांनी जागवायची, सोमवारी डोक्यावर घेऊन नाचत बोळवायचं. आणि ती गाणी पाठ कुणाला? बायकांनाच.

पिंप्राळा आता जळगाव महापालिकेत आहे. शेतांच्या कॉलन्या झाल्या, गहू दुकानातून येतो, दळण गिरणीत होतं. इतकं बदललं तेव्हा कानबाई कोपली नाही. माय गेल्यापासून मुठी वहिनी टाकते. तिला सांगून झालंय, आता कानबाई मांडणाऱ्या सगळ्याच घरांना सांगते: यंदा लेकींच्या नावानेही सव्वा मूठ टाका. रोट जास्त झाले तर पौर्णिमेच्या आत संपवायला आम्ही येऊच.