काकांची रॅकेट आणि नाटेकर

आमच्या गोंदियाच्या घरात खुंटीला काकांची बॅडमिंटनची रॅकेट टांगलेली असे. लाकडी, आतड्याच्या तातीची, लाकडी प्रेसमध्ये आवळलेली. प्रेसच्या चार कोपऱ्यांना चार नट. एकच जास्त आवळला तर फ्रेमला पीळ बसतो, म्हणून आधी तिरप्या समोरासमोरचे दोन थोडे, मग उरलेले दोन, मग पुन्हा पहिले. आमचा धानाचा मुलूख, आषाढात भिंतींचे पोपडे सुटत, पण त्या फ्रेमला बाक आला नाही.

काका रेल्वेत गार्ड. त्यांचं दैवत नंदू नाटेकर. नाटेकर सांगलीचे, जन्म 1933 चा. हा माणूस आधी टेनिस खेळायचा, हे काका घरातलं गुपित सांगावं तसं सांगत. 1951-52 मध्ये ज्युनिअर राष्ट्रीय टेनिस स्पर्धेची अंतिम फेरी गाठली, तिथे समोर रामनाथन कृष्णन. कृष्णनचा जन्म 1937 चा, म्हणजे चार वर्षांनी लहान पोरगा. नाटेकर हरले आणि टेनिस सोडून बॅडमिंटनकडे वळले.

"म्हणजे पळाले?" मी विचारलं होतं.

"पळाला काहून? आपला खेळ कोणता, ते त्याले समजलं."

आणि समजलं ते लवकर समजलं. 1954 मध्ये ऑल इंग्लंडची उपउपांत्य फेरी, 1956 मध्ये क्वालालंपूरला सेलांगोर आंतरराष्ट्रीय स्पर्धेचं विजेतेपद. परदेशात आंतरराष्ट्रीय स्पर्धा जिंकणारे ते पहिले भारतीय बॅडमिंटनपटू. राष्ट्रीय एकेरी सहा वेळा. ताकदीपेक्षा मनगटावर चालणारा खेळ, जाळीजवळची नाजूक फसवणूक. काकांनी तो कधीतरी पाहिला होता, आणि त्या भांडवलावर ते आयुष्यभर आम्हाला शिकवत राहिले.

आमचं कोर्ट म्हणजे एका राइस मिलचं सिमेंटचं पटांगण. दिवाळीनंतर तिथे धान वाळत घातलेलं असे. पोती भरली की मग आम्हाला जागा. चुन्याच्या रेषा, दोन बांबू, मच्छीमाराकडून आणलेलं जाळं. कोंड्याची बारीक धूळ फुलाच्या पिसांना चिकटे, फूल जड होई आणि अलीकडेच पडे. मग पोरं जोर लावत. काका कडेला बसून ओरडत, "खांदा काहून फेकून राह्यला बे? मनगट कशाले दिलं देवानं?" टेनिसचं कोर्ट मात्र मी मोठेपणी नागपूरला पाहिलं. तेव्हाचं गोंदिया भंडारा जिल्ह्यात होतं. 1999 मध्ये स्वतंत्र जिल्हा झाला, पण पोरांचा खेळ अजून जागा मिळेल तिथेच चालतो.

कृष्णनवर काकांचा जुना राग. 1961 मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाले आणि पहिल्याच यादीत दोघांची नावं आली, तेव्हाही तो पुरता गेला नव्हता. मग 1966 चा डिसेंबर आला. डेव्हिस करंडकाची भारत विरुद्ध ब्राझील लढत कलकत्त्याला. हावड्याची गाडी आमच्याच स्टेशनावरून जाते आणि रेल्वेवाल्याला पास असतो. काका निघाले. बरोबरी 2-2, निर्णायक सामना कृष्णन आणि डावखुरा थॉमस कॉख यांचा. कॉख दोन सेट विरुद्ध एक असा पुढे, चौथ्यात 5-2. तिथून कृष्णननं तो सेट 7-5 आणि पाचवा 6-2 नं घेतला. काका परतले ते कृष्णनचे भक्त होऊन. "त्या पोराकडून हरण्यात कमीपणा नव्हता," इतकंच म्हणाले. त्याच वर्षी नाटेकर जमैकातल्या किंग्स्टनला राष्ट्रकुल खेळांत भारताकडून उतरले होते. ते आम्हाला वर्तमानपत्रातून कळलं.

काका गेल्यावर रॅकेट माझ्याकडे आली. तात तुटली तेव्हा आतड्याची ओवून देणारा कुणी सापडला नाही, नायलॉन घातलं. ती खेळायच्या लायकीची राहिली नाही; जड लागते आणि आवाजही वेगळा येतो. माझी मुलगी कार्बनच्या हलक्या रॅकेटनं खेळते आणि ही हातात घेऊन हसते. हसू दे. प्रेस मात्र मी तिला नीट आवळायला शिकवला आहे.

नाटेकर 28 जुलै 2021 ला पुण्यात गेले, 88 व्या वर्षी. त्यांनी सोडलेलं टेनिस मुलानं, गौरवनं धरलं आणि 1994 मध्ये हिरोशिमाच्या आशियाई खेळांत लिअँडर पेसबरोबर दुहेरीचं सुवर्ण जिंकलं. बॅडमिंटनमधलं ते पहिलं परदेशी विजेतेपद आणि टेनिसचं हे सुवर्ण, दोन्ही एका मराठी घरातली. आपल्या गल्लीतल्या कोर्टावर खेळणाऱ्या पोरांपैकी कितींना हे माहीत आहे, एकदा विचारून बघा.