भरलेले भांडे

शेजारणीकडून आलेले भांडे रिकामे परत करू नये, ही आपल्याकडची रीत. काही नसले तर चिमूटभर साखर तरी त्यात घालावयाची. परंतु आलेले भांडे जसेच्या तसे, भरलेलेच, परत पाठविण्याचा प्रमाद आमच्या हातून घडला, आणि तोही परमुलुखात.

नोकरीनिमित्त पाच वर्षे आमचे बिऱ्हाड नायजेरियातील लागोस शहरी होते. खालच्या मजल्यावर सत्तरी उलटलेल्या एक बाई राहात. सारी इमारत त्यांना 'ममा' म्हणे, म्हणून आम्हीही म्हणू लागलो. आम्ही राहावयास गेलो त्याच आठवड्यात त्यांनी 'मोईमोई' पाठविली. चवळी भिजवून, सोलून, वाटून, तीत कांदा व तांबडी मिरची घालून पानात उकडलेला हा पदार्थ. पान उलगडताच आमच्या मातोश्री कौतुकाने म्हणाल्या, "अगबाई, ही तर पातोळीची बहीण!" परंतु आत सुक्या कोळंबीची पूड आहे असे कळले मात्र, त्यांनी हात मागे घेतला. आमच्या सौ. भीतभीतच भांडे खाली देऊन आल्या. ममा काही बोलल्या नाहीत. पुढे वर्षभर जिन्यात हसून मान लवविण्यापलीकडे आमचा संबंध राहिला नाही.

तो अबोला मोडला मातोश्रींनीच. एके सकाळी तळणाच्या वासामागोमाग त्या थेट ममांच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या. कढईत 'अकारा' तळत होत्या. म्हणजे चवळीचे वडेच. मीठ अगदी शेवटी, तळावयाच्या वेळी घालावयाचे, नाहीतर पिठाला पाणी सुटते, हे ममांनी खुणेने सांगितले आणि मातोश्रींनी मराठीतून त्यास दुजोरा दिला. एकीस दुसरीची भाषा येत नसता दोघी तासभर बोलत होत्या.

पुढे ममांची हकीकत कळली. त्यांचे वडील कालाबारकडचे. फर्नांडो पो बेट तेव्हा स्पेनच्या ताब्यात होते. तेथील कोकोच्या मळ्यांसाठी नायजेरियातून मजूर नेण्याचा करार १९४२ साली इंग्रज व स्पॅनिश सरकारांत झाला होता, आणि अशाच मजुरांबरोबर वडील तिकडे गेले. ममांचा जन्म तेथल्या सांता इसाबेल शहरातला. आज त्याला मालाबो म्हणतात. एका स्पॅनिश कुटुंबाच्या स्वयंपाकघरात त्या लहानाच्या मोठ्या झाल्या. १९६८ साली तो देश स्वतंत्र झाला, मासियास याची जुलमी राजवट आली, आणि १९७५–७६ च्या सुमारास हजारो नायजेरियन माणसांना परतावे लागले. ममा आल्या त्या एक खलबत्ता व स्पॅनिश भाषा घेऊन. त्या भाषेत बोलावयास लागोसात त्यांना कोणी नव्हते.

आमची बदली ठरली तेव्हा निरोपाच्या मेजवानीस तीस माणसे बोलाविली. आरंभीचे चार घास ममांच्या दोन्ही मुलखांचे असावेत, आणि मातोश्रींसही चालावेत, असे आम्ही योजिले. स्पॅनिश लोक मद्याबरोबर जे चिमुकले पदार्थ खातात त्यांस 'तापास' म्हणतात. तापा म्हणजे झाकण. मद्याऐवजी आम्ही 'झोबो' ठेवले, म्हणजे लाल अंबाडीच्या बोंडांचे आले घातलेले सरबत.

काही जोड्या आपोआप जमल्या. स्पेनमध्ये बटाट्याच्या तळलेल्या फोडींवर तिखट तांबडा रस्सा घालतात, आणि लागोसच्या रस्त्यावर यामच्या फोडींबरोबर तसाच रस्सा देतात. याम हा आपल्या कोनफळाचा धिप्पाड भाऊबंद. आम्ही यामच्याच फोडी घेतल्या व रश्श्यात स्पेनमधील ला वेरा येथील, ओकच्या धुरावर वाळविलेल्या मिरच्यांची पूड घातली. पिकल्या राजेळीसारख्या केळ्याचे तळलेले काप काडीला टोचून त्यांवर शेंगदाण्याच्या पेंडीचा हौसा मसाला भुरभुरला. मात्र जोलोफ भाताचे क्रोकेते करण्याची हौस आम्हांस भोवली. दोन उत्तम पदार्थांचा मिळून एक वाईट पदार्थ झाला, तो मोलकरणीनेही नाकारला.

खरा कस लागला 'आलिओली'त. कॅतालोनियातील ही चटणी. नावाचा अर्थच लसूण व तेल. लसूण मिठाबरोबर खलात वाटून त्यात ऑलिव्हचे तेल थेंबथेंब जिरवावयाचे की लोण्यासारखी पांढरी चटणी येते. आम्ही उतावीळपणे धार धरली, चटणी फुटली. दुसऱ्यांदाही तेच. अंडे घातले तर फुटत नाही, असे सौ. हळूच म्हणाल्या, पण मग मातोश्रींच्या ताटात ती कशी वाढावी? अखेर ममाच आपला खलबत्ता घेऊन वर आल्या. त्या घोटीत होत्या व मातोश्री चमच्याच्या टोकावरून थेंब सोडीत होत्या. पाऊण तास दोघींपैकी कोणी मान वर केली नाही.

सायंकाळी ममांनी सुपारीएवढा अकारा त्या चटणीत बुडवून तोंडात टाकला, डोळे मिटले आणि स्वतःशीच स्पॅनिशमध्ये काही पुटपुटल्या. आम्ही अर्थ विचारला नाही. मातोश्रींनी उरलेले अकारे व चटणी आपल्या पितळी डब्यात भरून त्यांच्याबरोबर दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी, आमचे सामान बांधणे चालू असता, डबा परत आला. आत भिजवून, सोलून, वाटलेली चवळी होती. मातोश्रींनी बोटाने चाटून पाहिली. मीठ घातलेले नव्हते.