मी बाकावरच बसून असे

माझं माहेर अहमदनगरचं, म्हणजे आताच्या अहिल्यानगरचं. अमेरिकन मराठी मिशनने १८३१ साली तिथे काम सुरू केलं, त्या मंडळीतलं आमचं घराणं. २००१ साली लग्न होऊन वसईला आले. सासर कॅथलिक. ख्रिस्त एकच, मग अडचण कसली, असं वाटलं होतं.

संध्याकाळी घरात रोझरी व्हायची. मरियामातेपुढे माझे हात काही केल्या जुळत नसत. सासूबाईंनी कधी शब्दाने दुखवलं नाही. पण देवळात मिस्साच्या वेळी ख्रिस्तप्रसादासाठी सगळा बाक उठायचा आणि मी पाय आखडून इतरांना वाट करून द्यायची. माहेरी प्रभुभोजन घेणारी मी, इथे पाहुणी!

अशी अकरा वर्षं गेली. २०१२ साली मुलीचा पहिला ख्रिस्तप्रसाद झाला. रात्री पांढरा फ्रॉक घडी करताना तिने विचारलं, "आई, तुला येशू नको का गं?"

मी फादरांकडे गेले. पुन्हा बाप्तिस्मा घ्यावा लागेल, ही धास्ती होती. ते म्हणाले, "बाप्तिस्मा एकदाच होतो. तुमचा झालेला आहे. श्रद्धा जाहीर करायची, दृढीकरण घ्यायचं." वर्षभर शिकले. मरियेला आपण पूजत नाही, आपल्यासाठी प्रार्थना कर म्हणून विनवतो, हे हळूहळू पटलं. पापनिवेदन मात्र जड गेलं. देवाशी थेट बोलायची लहानपणापासूनची सवय!

पप्पांना फोनवर सांगितलं. बराच वेळ ते गप्प. मग म्हणाले, "रेव्हरंड टिळकांनी १८९५ साली बाप्तिस्मा घेतला, त्यापायी बायकोमुलाची ताटातूट सोसली. तू कोणासाठी करतेस? नवऱ्यासाठी?"

"नाही पप्पा. नवऱ्यासाठी असतं, तर लग्नातच केलं असतं."

मागून आईचा आवाज आला, "अहो, आपली मंडळीही १९७० साली चर्च ऑफ नॉर्थ इंडियात गेलीच की! तेव्हा कुठे रडलात?" पप्पांनी फोन ठेवला.

दोन महिने बोलणं बंद. ठरलेल्या रविवारी मात्र दोघं पहाटेच्या एसटीने दारात हजर. पप्पांच्या पिशवीत त्यांचं जुनं 'उपासना संगीत' होतं. "हे इथेही चालेल ना?" एवढंच विचारलं.

ख्रिस्तप्रसादाची वेळ झाली. आमचा बाक उठला. पप्पा बसून राहिले आणि मला जाता यावं म्हणून त्यांनी पाय आखडून घेतले.