वहीतले एकशेवीस तास

सिडनीत लेक सोळा वर्षांची झाली, लेखी परीक्षा पास झाली आणि गाडीच्या पुढे-मागे काळ्या 'एल'ची पिवळी पाटी लागली. एकटीने चालवायला सतरा पूर्ण हवीत आणि त्याआधी 120 तास सराव, त्यातले 20 रात्रीचे. मी पुण्यात लायसन्स काढलं तेव्हा लर्निंग हातात पडल्यावर महिनाभराने आरटीओच्या साहेबांसमोर गाडी पुढे-मागे केली, झालं. शेजारी कोण बसलं होतं, किती तास, कुणी विचारलं नाही.

इथे सगळं वहीत. निघाल्याची वेळ, पोचल्याची वेळ, किलोमीटरचं रीडिंग, माझा लायसन्स नंबर, सही. सूर्य मावळला की रात्र धरतात आणि जूनमध्ये इथे पाचच्या सुमारासच अंधारतं, त्यामुळे रात्रीचे तास आम्ही हिवाळ्यात उरकले. हॅरिस पार्कला भाजीला जायचं तरी मुद्दाम दिवेलागणीनंतर. पैसे असतील तर वाट जवळची: ट्रेनरबरोबरचा एक तास तीन म्हणून धरतात, जास्तीत जास्त दहा तासांपर्यंत. हे मला पटलेलं नाही. ट्रेनरच्या फीमुळे सराव तिप्पट होतो थोडाच!

माझे वडील राहायला आले होते. आयुष्यभर एसटी चालवली, खंबाटकी घाट रात्री-अपरात्री उतरवलेला माणूस. पण शेजारी बसणाऱ्याकडे ऑस्ट्रेलियाचंच पक्कं लायसन्स लागतं, म्हणून त्यांना मागची सीट. तिथूनही ते गप्प बसले नाहीत. एम-फोर या मोटरवेवर शिकाऊंना 90 च्या वर जाता येत नाही, मागे ट्रक येऊन चिकटला की हिचे हात स्टिअरिंगवर आवळायचे. ''बाळा, आरशात बघ आणि त्याला विसर. घाई त्याला आहे, तुला नाही,'' बाबा म्हणाले. तिने ऐकलं. हेच मी म्हटलं असतं तर भांडण झालं असतं.

आता प्रोव्हिजनल लायसन्सचा लाल 'पी' लागलाय. दारूचा थेंब चालत नाही, मोबाइल हॅण्ड्सफ्रीसुद्धा नाही, आणि रात्री अकरा ते पाच एकवीसच्या आतला एकच जण बरोबर. घरची भावंडं सोडून. मला सगळ्यांत शहाणा नियम हाच वाटतो. या वयात गाडी चालवता येत नाही असं नसतं, मागे तिघं हसत बसली की समोरचं दिसत नाही. लेकीला तो जाच वाटतो. परवा पार्टीहून एका मैत्रिणीला तिने आणलं, उरलेल्या दोघींना आणायला साडेअकराला मी निघालो.