तिकीट सगळ्यांचं, निधी कोणाचा?

वकीलपत्रावर कोर्ट फीच्या तिकिटाशेजारी आणखी एक छोटं तिकीट लागतं, वकील कल्याण निधीचं. कारकून ते घाईघाईनं चिकटवतो, पक्षकार खाली सही करतो आणि कागद आत जातो. केंद्राच्या २००१च्या कायद्यानं या तिकिटाची किंमत जिल्हा व कनिष्ठ न्यायालयांत ५ रुपये, उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांत १० रुपये ठेवली. ती पक्षकाराकडून कोणत्याही परिस्थितीत वसूल करायची नाही, असंही त्या कायद्यात आहे. म्हणजे पैसा वकिलाच्या खिशातला. आपल्याकडे १९८१चा स्वतंत्र कायदा आहे. इतर काही राज्यांचेही आहेत.

या निधीतून कोणाला वगळायचं, हा वाद न्यायालयात गेला की अनुच्छेद १४ची जुनी कसोटी लागते. वर्गीकरणाला समजण्याजोगा आधार हवा आणि त्या आधाराचा कायद्याच्या हेतूशी संबंध हवा. मला मात्र वाटतं, निधीच्या बाबतीत आणखी एक प्रश्न विचारायलाच हवा. पैसा घातला कोणी?

तामिळनाडूच्या १९८७च्या कायद्याप्रमाणे वकिलाच्या निधनानंतर वारसांना २ लाख रुपये मिळायचे. आधीच्या नोकरीचं निवृत्तिवेतन किंवा ग्रॅच्युइटी घेऊन वकिलीत आलेल्यांच्या वारसांना मात्र नाही. बिहारच्या १९८३च्या कायद्यातही अशा वकिलांना वगळणारं कलम होतं. दोन्हींना आव्हान दिलं गेलं. डिसेंबर २०१४मध्ये एस. शेषाचलम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं दोन्ही तरतुदी कायम ठेवल्या. निकाल न्या. आर. बानुमती यांनी लिहिला. सनद घेतल्या दिवसापासून कोर्टात उभा राहणारा वकील आणि निवृत्तीनंतर काळा कोट चढवणारा वकील हे दोन वेगळे वर्ग आहेत, असं न्यायालय म्हणालं.

त्यातला पहिला भाग मला मनापासून पटतो. तालुक्याच्या कोर्टात सीनियरच्या फायली वाहणाऱ्या ज्युनिअरला भविष्यनिर्वाह निधी नसतो, ग्रॅच्युइटी नसते, आजारपणाची पगारी रजा नसते. त्याचं घर एका अपघातानं उघड्यावर येतं. निधी आहे तो त्याच्यासाठीच, आणि तुटपुंजा निधी आधी त्याच्या घरी जावा यात अन्याय नाही.

अडतं ते पुढे. निवृत्त होऊन आलेल्या वकिलाच्या वकीलपत्रावरही तेच तिकीट लागतं. भिशीत हप्ता सगळ्यांनी भरायचा आणि नंबर मात्र काहींचा लागणारच नाही, असा हा प्रकार झाला. वगळण्यामागे सबळ कारण असेल, तर वर्गणीतूनही वगळा, नाहीतर भरलेले पैसे वारसांना परत द्या. दोन लाखांची मदत नाकारणं आणि वर्गणी ठेवून घेणं हे वेगवेगळे प्रश्न आहेत. दुसऱ्याला वर्गीकरणाची कसोटी पुरं उत्तर देत नाही.

दिल्लीचं प्रकरण याच्या अगदी उलट. तिथल्या सरकारनं वकिलांसाठी योजना आणली, १० लाखांचा आयुर्विमा आणि कुटुंबाला ५ लाखांचा आरोग्यविमा. अट अशी की दिल्ली बार कौन्सिलकडे नोंदणी हवी आणि दिल्लीच्या मतदारयादीत नावही हवं. नोएडा, गुरुग्राम, गाझियाबादहून रोज दिल्लीच्या कोर्टात येणारे वकील त्यामुळे बाहेर राहिले. १२ जुलै २०२१ला न्या. प्रतिभा सिंह यांनी मतदारयादीची ती अट समानतेच्या विरुद्ध ठरवली. इथे पैसा सरकारी तिजोरीचा होता, पण लाभ वकिलाला वकील म्हणून द्यायचा होता. मग तो रात्री कुठल्या गावात झोपतो याचा त्याच्या वकिलीशी संबंध काय?

जुलै २०२४च्या गौरव कुमार निकालानं वेगळीच अडचण पुढे आणली. सनदेसाठी बार कौन्सिलांना कायद्यातल्या ७५० रुपयांपेक्षा, अनुसूचित जाती-जमातींच्या उमेदवारांकडून १२५ रुपयांपेक्षा, जास्त घेता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं. कल्याण निधीच्या नावानं दारातच हजारो रुपये मागणं बंद झालं, याचा मला आनंद आहे. गरीब घरातल्या मुलीला वकिलीत येण्यापासून अडवून तिच्याच कल्याणाचा निधी कसा उभारणार? निधीसाठी पैसा आता विधिमंडळांनी अर्थसंकल्पातून द्यायला हवा, आणि आपल्या १९८१च्या कायद्यात सुधारणा करताना वर्गणी परत करण्याचं कलम त्यात घालायला हवं.